प्रोबेशनवर असताना कामावरून काढलं तर काय करायचं? कोल्हापूरकडच्या नवीन नोकरदारांसाठी

आयटीआय किंवा डिप्लोमा झाला की आपल्याकडची पोरं शिरोली, गोकुळ शिरगाव नाहीतर कागलच्या फाईव्ह स्टार एमआयडीसीत चिकटतात, कुणी राजारामपुरीत एखाद्या ऑफिसात, कुणी शोरूममध्ये, पोरी हॉस्पिटलात नाहीतर खाजगी शाळेत, आणि हातात जे अपॉइंटमेंट लेटर पडतं त्याच्या पहिल्याच पानावर लिहिलेलं असतं की तुम्ही सहा महिने प्रोबेशनवर, म्हणजे कायम करायच्या आधी काम पारखायच्या काळात. मग पाचव्या महिन्यात एका संध्याकाळी शिफ्ट सुटायच्या वेळी एचआरचा निरोप येतो, केबिनमध्ये जाऊन ये. आत गेलं की "उद्यापासून यायचं नाही." घरी आलं की वडील, मामा, गल्लीतले सगळे एकच सांगतात, अरे प्रोबेशनवर होतास, काय करता येत नाही आता.

हे अर्धंच खरं आहे आणि या अर्ध्या खऱ्यामुळं लोकांचं लई नुकसान होतं. खरं काय, तर काम जमत नसेल तर प्रोबेशनवरच्या माणसाला काढणं मालकाला सोपं आहे, पर्मनंट माणसाला काढायला लागते तसली लांबलचक चौकशी लागत नाही. पण प्रोबेशनच्या नावाखाली शिक्षा करता येत नाही, पैसे बुडवता येत नाहीत आणि काही कारणांसाठी तर अजिबात काढता येत नाही. आणि तुमच्या हातात वेळ कमी असतो, म्हणून काय करायचं ते ओळीनं सांगतो.

१. त्या संध्याकाळी, केबिनमध्येच

सगळ्यात जास्त केसेस इथंच हरतात, कोर्टात नाही. एचआर गोड बोलून सांगतो की टर्मिनेशन केलं तर तुझं रेकॉर्ड खराब होईल, त्यापेक्षा राजीनामा लिही, एक्स्पिरियन्स लेटर देतो, फुल अँड फायनल करून टाकतो. पोरगं घाबरलेलं असतं, लिहून देतं. एकदा "वैयक्तिक कारणास्तव राजीनामा देत आहे" असं तुमच्या अक्षरात कागदावर आलं की कायद्याच्या दृष्टीनं तुम्हाला कुणी काढलंच नाही, तुम्ही स्वतः गेलात. पुढं दबाव होता हे सिद्ध करत बसायला लागतं आणि ते अवघड जातं. म्हणून राजीनामा द्यायचा नाही. "घरी विचारून उद्या सांगतो" एवढं म्हणा आणि बाहेर या. ज्यांनी आधीच लिहून दिलाय त्यांनी त्याच रात्री, फार तर दुसऱ्या दिवशी, कंपनीच्या ईमेलवर स्पष्ट लिहायचं की हा राजीनामा दबावाखाली घेतला, मला मान्य नाही, मी मागं घेतो. महिन्यानं लिहिलेल्या ईमेलला ती किंमत राहत नाही.

टर्मिनेशनचं लेटर देत असतील तर घ्या, नाकारू नका. पोहोच म्हणून सही मागितली तर सहीच्या वर "मिळाले, मान्य नाही" असं लिहून तारीख टाका. कोऱ्या कागदावर, व्हाउचरवर, "मला काही येणे नाही" असल्या छापील फॉर्मवर सही नको.

आणि लेटर न देताच गेटवर सिक्युरिटीनं अडवलं तर? हे फाउंड्रीत आणि ठेकेदाराकडं फार चालतं. पंचिंग बंद, गेटपास काढून घेतला आणि कागद काहीच नाही. नंतर कंपनी म्हणते, आम्ही कुठं काढलं, तोच यायचा बंद झाला. याला एकच उपाय आहे, त्याच दिवशी ईमेल किंवा व्हॉट्सअॅप आणि सोबत स्पीड पोस्टानं एक पत्र: अमुक तारखेला अमुक वाजता कामावर आलो, गेटवर आत घेतलं नाही, मी कामावर यायला तयार आहे, काढलं असेल तर लेखी कळवा. चार ओळी पुरे. पोस्टाची पावती जपून ठेवा. हे पत्र हातात असलं की "तोच आला नाही" हे म्हणणं टिकवणं कंपनीला जड जातं.

२. तुम्ही कायद्याच्या कुठल्या खान्यात बसता ते बघा

मशीनवर काम करणारा, फिटर, ऑपरेटर, क्लार्क, डेटा एंट्री, टेक्निशियन हे सगळे साधारणपणे कामगार या व्याख्येत येतात, भले लेटरवर "एक्झिक्युटिव्ह" किंवा "असोसिएट" लिहिलेलं असू दे. हुद्द्याचं नाव काय आहे यापेक्षा प्रत्यक्ष काम काय करता हे कोर्ट बघतं. २१ नोव्हेंबर २०२५ पासून जुन्या १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याच्या जागी औद्योगिक संबंध संहिता, २०२० लागू झालीय, तिच्यात सुपरवायझरचं काम करणारा आणि महिना १८,००० रुपयांच्या वर पगार असणारा माणूस कामगारात धरत नाहीत, जुन्या कायद्यात ही मर्यादा १०,००० होती. मॅनेजर लोक तर आधीपासूनच बाहेर. जे बाहेर आहेत त्यांना दिवाणी कोर्ट आहे, पण तिथं नोकरी परत मिळत नाही, साधारण करारात लिहिलेल्या नोटीस पिरियडच्या पगाराएवढ्या भरपाईवर गोष्ट येते.

ट्रेनीवाल्यांनी जरा थांबून वाचा. १९६१ च्या अॅप्रेंटिस कायद्याखाली रीतसर नोंदणी झालेला अॅप्रेंटिस हा कायद्यानं कामगार धरत नाहीत. पण नुसतं लेटरवर "ट्रेनी" लिहून तुमच्याकडून पूर्ण शिफ्ट प्रॉडक्शन काढून घेत असतील, पीएफ कापत असतील, तर नावावरून हार मानू नका, वकिलाला ते लेटर दाखवा.

अनुदानित आणि खाजगी शाळेतले शिक्षक आणि सरकारी नोकर यांचं वेगळं आहे, खाली येतंच.

३. लेटरमधले शब्द दोनदा वाचा

सगळी गंमत या पानभर कागदात असते. लेटरमध्ये नुसतं "प्रोबेशनच्या काळात आपले काम समाधानकारक आढळले नाही, सबब सेवा समाप्त करण्यात येत आहे" असं असेल तर ते साधं डिस्चार्ज. कोर्ट याला सहसा कलंक, म्हणजे माणसाच्या नावाला लागलेला बट्टा, मानत नाही. पण त्याच कागदावर चोरी, अफरातफर, उद्धटपणा, मारामारी, अप्रामाणिकपणा असलं काही लिहिलेलं असेल तर तो आरोप आहे, आणि आरोप ठेवून काढायचं तर आधी चार्जशीट द्यायला लागतं, तुमचं म्हणणं ऐकायला लागतं, चौकशी करायला लागते. प्रोबेशनवर आहे म्हणून हे टाळता येत नाही.

सुप्रीम कोर्टानं हे फार पूर्वीच, १९५७ मध्ये पुरुषोत्तम लाल धिंग्राच्या केसमध्ये मांडलंय आणि नंतर वेळोवेळी पक्कं केलंय. मला सगळ्यात पटणारी केस म्हणजे अनूप जैस्वाल यांची, १९८४ ची. आयपीएसचे प्रोबेशनर होते, हैदराबादच्या पोलीस अकादमीत. एका पावसाळी सकाळी पीटीला बरेच प्रोबेशनर उशिरा पोचले आणि यात पुढारी हाच असं ठरवून त्यांना काढलं. ऑर्डर एकदम साधी, त्यात आरोपाचा एक शब्द नाही. पण सुप्रीम कोर्टानं ऑर्डरच्या मागं काय घडलं ते बघितलं आणि म्हणालं की ही खरं तर गैरवर्तनाची शिक्षा आहे, चौकशी न करता दिलेली, आणि ऑर्डर रद्द केली. म्हणजे कागद गुळगुळीत असला तरी त्याच्या मागचं बघायचा अधिकार कोर्टाला आहे. १९९९ च्या दीप्ती प्रकाश बॅनर्जी केसमध्ये तर अजून पुढचं आहे, कलंक ऑर्डरमध्येच पाहिजे असं नाही, ऑर्डरमध्ये ज्या जुन्या पत्राचा किंवा रिपोर्टचा उल्लेख केलाय त्यात असला तरी चालतो. त्यामुळं तुमच्या लेटरमध्ये "संदर्भ : दिनांक अमुकचा अहवाल" असं असेल तर तो अहवाल लेखी मागून घ्या.

आता यातला फरक नीट समजून घ्या, कारण इथंच लोक फसतात. काम बघून, दोन तक्रारी कानावर आल्या म्हणून "हा माणूस नको" असं मालकाला वाटलं आणि त्यानं प्रोबेशन संपवलं, तर ते चालतं. पण एका ठराविक घटनेचा ठपका ठेवला, पाठीमागं चौकशी करून तुम्हाला दोषी ठरवलं आणि त्याच पायावर काढलं, तर ती शिक्षा. समजा कोअर शॉपमधून सामान गायब झालं, चार पोरांचे जबाब घेतले, तुमचं नाव आलं आणि दुसऱ्या दिवशी "काम समाधानकारक नाही" असं लेटर हातात, तर तुमच्याकडं केस आहे. जबाब कुणी घेतले, कधी घेतले, कोण हजर होतं हे त्याच रात्री वहीत लिहून ठेवा, सहा महिन्यांनी आठवत नाही. कलंकाचा हा विचार मुळात सरकारी नोकरीतल्या केसेसमधून, सरकारी नोकराला चौकशीशिवाय शिक्षा म्हणून काढण्यापासून वाचवणाऱ्या घटनेच्या कलम ३११ वरून आला, पण खाजगी कारखान्यात पण गैरवर्तनासाठी काढायचं तर चौकशी पाहिजे हे कामगार कायद्यातलं जुनं सूत्र आहे.

अजून एक. तुमच्या कामात काय कमी आहे हे आधी कधी सांगितलं होतं का? सुमती शेरे या डॉक्टरांच्या १९८९ च्या केसमध्ये सुप्रीम कोर्टानं म्हटलंय की उणिवा माणसाला कळवायला पाहिजेत, म्हणजे त्याला सुधारता येईल. कौतुकाचे मेसेज, टार्गेट पूर्ण केल्याचे ग्रुपवरचे फोटो, इन्सेंटिव्हच्या स्लिपा असं काही असेल तर स्क्रीनशॉट काढून दुसरीकडं ठेवा, कारण काढलं की पहिल्यांदा ग्रुपमधून उडवतात.

४. प्रोबेशन मुळात चालू होतं का?

सहा महिने झाले, सातवा लागला, कुणी काही बोललं नाही, म्हणजे आपण आपोआप पर्मनंट झालो असं पुष्कळांना वाटतं. तसं सरसकट नसतं. लेटरमध्ये "लेखी कन्फर्मेशन मिळेपर्यंत प्रोबेशन चालू राहील" असं वाक्य असतं आणि बहुतेक लेटरमध्ये असतंच, मग नुसता काळ उलटून उपयोग नाही. पण नियमात प्रोबेशनची कमाल मर्यादा ठरवलेली असेल, याच्या पुढं वाढवता येणार नाही अशी, आणि ती ओलांडून पण तुम्हाला कामावर ठेवलं असेल, तर तुम्ही कायम झालात असं धरतात. १९६८ चा धरम सिंग निकाल हाच आहे. म्हणून लेटरचं ते एक वाक्य आणि कंपनीचे स्टँडिंग ऑर्डर्स (नोकरीचे लेखी नियम), दोन्ही बघा.

५. २४० दिवसांचा हिशोब

प्रोबेशनवाला असो की कोण, कामगार असेल आणि मागच्या बारा महिन्यांत २४० दिवस भरले असतील तर त्याला कमी करताना एक महिन्याची नोटीस किंवा तेवढा पगार, आणि नोकरीच्या प्रत्येक वर्षामागं १५ दिवसांचा सरासरी पगार भरपाई द्यायला लागते. हे जुन्या कायद्यात होतं, नव्या संहितेत पण आहे.

दिवस कसे मोजायचे ते बघा. १ जानेवारीला लागला, ३१ ऑगस्टला काढला. कॅलेंडरनं २४३ दिवस होतात. आता पगार महिन्याचा असेल आणि सुट्टीचे पैसे मिळत असतील तर साप्ताहिक सुट्ट्या आणि पगारी सणवार या २४० मध्ये धरायचे, अमेरिकन एक्स्प्रेसच्या १९८५ च्या केसमध्ये सुप्रीम कोर्टानं तसं सांगितलंय. म्हणजे तुमचे भरले. पण रोजंदारी असेल आणि रविवारचे पैसे मिळत नसतील तर चौतीस-पस्तीस रविवार वजा जातात आणि आकडा २१० च्या आत येतो, मग नाही भरले. वर्ष पूर्ण व्हायला पाहिजे असं नाही, २४० भरले की झालं. सातव्या महिन्याच्या शेवटी ब्रेक द्यायची पद्धत कशासाठी आहे ते यावरून कळेल.

दोन गोष्टी मात्र लक्षात ठेवा. २४० दिवस भरले हे सिद्ध करायची जबाबदारी कामगारावर आहे, कंपनीवर नाही. पगार स्लिप, बँक पासबुक, पीएफचं पासबुक, ईएसआयसीची वर्गणी, हजेरीच्या अॅपचे स्क्रीनशॉट हे सगळं नोकरीत असतानाच गोळा करत राहायचं. दुसरं म्हणजे कंपनीचा वकील म्हणणार की करारातल्या अटीप्रमाणे प्रोबेशन संपवलं, ही कामगार कपात नाहीच, आणि या म्हणण्याला एलआयसीच्या एका जुन्या निकालाचा आधार पण आहे. त्यामुळं २४० भरले म्हणजे केस जिंकली असं समजून बसू नका, ३ नंबरचा मुद्दा सोबत पाहिजे.

६. या कारणांसाठी प्रोबेशनवर पण काढता येत नाही

बाळंतपणाच्या रजेवर असताना काढणं बेकायदा आहे. या रजेच्या लाभासाठी अपेक्षित बाळंतपणाआधीच्या बारा महिन्यांत ८० दिवस काम झालेलं असलं की पुरतं, प्रोबेशन की पर्मनंट हा प्रश्नच येत नाही. १९६१ च्या मातृत्व लाभ कायद्यातलं हे संरक्षण आता सामाजिक सुरक्षा संहितेत आलंय. ताईंनो, दिवस राहिल्याचं कंपनीला तोंडी सांगू नका, ईमेलवर कळवा, तारीख राहते.

युनियनमध्ये गेला, पगाराची किंवा सेफ्टीची तक्रार केली म्हणून काढलं, खोट्या प्रकरणात अडकवून काढलं, उघड उघड खोटं कारण देऊन काढलं, हे सगळं महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्यात अनुचित कामगार प्रथा म्हणून लिहिलेलं आहे. लैंगिक छळाची तक्रार केल्यावर लगेच नोकरी गेली असेल तर ती तक्रार आणि टर्मिनेशन या दोन तारखा शेजारी शेजारी मांडून वकिलाला द्या.

७. तारखा, आणि कुठं जायचं

हे पान फ्रीजवर चिकटवा म्हटलं तरी चालेल.

खाजगी शाळेतले शिक्षक आणि कर्मचारी: ३० दिवस. १९७७ च्या महाराष्ट्र खाजगी शाळा कर्मचारी कायद्याखाली अपील शाळा न्यायाधिकरणात जातं आणि ते आपल्या कोल्हापुरात आहे. या कायद्यात कायम जागेवर रीतसर नेमलेल्याचं प्रोबेशन दोन वर्षं असतं, शिक्षण सेवकाचा काळ तीन वर्षं, आणि तो पूर्ण झाला की कायम मानतात. मधेच काम समाधानकारक नाही म्हणून काढायचं तर एक महिन्याची नोटीस किंवा महिन्याचा पगार द्यायलाच लागतो. राजीनाम्याची रीत पण कायद्यातच दिलीय, दोन प्रती, दोन्हीवर सही आणि तारीख, एक प्रत रजिस्टर पोस्टानं संस्थेला, म्हणजे चेअरमनच्या घरी बसवून लिहून घेतलेला कागद तुम्ही निमूट मान्य करायचं कारण नाही.

कारखाना, ऑफिस, हॉस्पिटलातले कामगार: १९७१ च्या कायद्याखाली कामगार न्यायालयात तक्रार करायची तर ९० दिवस. या रस्त्याचा फायदा असा की अंतरिम आदेश, म्हणजे निकाल लागेपर्यंतचा तात्पुरता आदेश, मागता येतो. दुसरा रस्ता सहायक कामगार आयुक्तांकडं अर्ज करायचा, तिथं समेटासाठी दोन्ही बाजूंना बोलावतात, अर्जाला ४५ दिवस होऊन गेले आणि तोडगा निघाला नाही तर स्वतः पुढं दाद मागता येते. जुन्या कायद्यात यासाठी तीन वर्षं होती, नव्या संहितेत दोन. दोन वर्षं आहेत म्हणून निवांत बसलं की ९० दिवसांचा रस्ता बंद होतो, मी तर म्हणेन पहिल्या पंधरा दिवसांतच वकिलाकडं बसा आणि यातलं कुठलं दार धरायचं हे पहिल्याच भेटीत विचारून घ्या. कंपनीत वीस किंवा जास्त कामगार असतील तर नव्या संहितेप्रमाणे तक्रार निवारण समिती असायला पाहिजे, तिच्याकडं पण अर्ज टाकून पोहोच घ्या.

राज्य सरकारचे कर्मचारी: महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, एक वर्ष, आपल्याला मुंबईला जायला लागतं. हायकोर्टात जायची वेळ आली तर मात्र आता मुंबईच्या फेऱ्या नाहीत, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरचं सर्किट बेंच चालू झालंय, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांना पण तेच.

८. पैसे

केस करा नाहीतर करू नका, हिशोब सोडू नका. वेतन संहितेप्रमाणे काढल्यापासून दोन कामाच्या दिवसांत पगार चुकता करायला लागतो. "पुढच्या महिन्याच्या पगाराबरोबर देऊ" हे चालत नाही. लेटरमध्ये नोटीस पिरियड लिहिलेला असेल तर त्याचे पैसे, राहिलेली पगारी रजा, ओव्हरटाइम सगळं मागा, ईमेलवर मागा. पैसे घेताना पावतीवर "हक्क अबाधित ठेवून स्वीकारले" एवढं लिहा. पीएफ पहिल्या महिन्यापासून तुमचाच आहे, यूएएनवर (तुमच्या पीएफच्या नंबरवर) कंपनीचा भरणा खरंच झालाय का ते बघा.

९. वकिलाची फी परवडत नसेल तर

कसबा बावड्याच्या न्याय संकुलात जिल्हा विधी सेवा प्राधिकरण आहे. १९८७ च्या कायद्याप्रमाणे औद्योगिक कामगार, सगळ्या महिला आणि अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना तिथं फुकट वकील मिळतो, आणि या गटांना उत्पन्नाची अट नाही. हे फार कमी पोरांना माहीत असतं. फोनवरून विचारायचं तर १५१०० हा नंबर.

जाताना अपेक्षा नीट ठेवून जा. पाच-सहा महिन्यांच्या नोकरीत केस जिंकली तरी बऱ्याचदा नोकरी परत न देता एकरकमी भरपाईवर मिटतं, आणि वेळ लागतो, तोपर्यंत दुसरं काम बघायला काही हरकत नाही, त्यानं केस जात नाही. पहिल्या भेटीला अपॉइंटमेंट लेटर, टर्मिनेशन लेटर किंवा तुम्ही पाठवलेल्या पत्राची पोस्टाची पावती, सगळ्या पगार स्लिपा, बँकेचं स्टेटमेंट, पीएफ पासबुकची प्रिंट, आणि एका कोऱ्या पानावर तारखेनिशी काय काय घडलं ते घेऊन जा. मूळ कागद कुणाकडं सोडून यायचे नाहीत, झेरॉक्स द्यायची.